पाठमोऱ्यांचा कप्तान

प्रिय रेवा आणि ईशान,

रेवाने पाठवलेला फोटो मी मोठा करून पाहिला. कॉलेजच्या लांबट होडीत तुम्ही आठ मुली एकीमागे एक बसलेल्या, सगळ्यांची वल्ही एकाच कोनात. तुमच्या समोर सुकाणू धरून बसलेली ती बारीकशी मुलगी तोंड उघडून काहीतरी ओरडते आहे. तू खाली लिहिलंस, "आजी, तुला यातलं काही कळणार नाही, पण बघ."

बाळा, मला यातलं बरंच कळतं. वैनगंगेच्या काठावर, आपल्या घरापासून हाकेच्या अंतरावर, असाच एक जुना बोट क्लब आहे. तिथे त्या बारीकशा मुलीच्या जागी बसणारा एक माणूस मी चाळीसेक वर्षं पाहिला. त्याच्याबद्दल तुम्हाला लिहायचं मनात होतंच. फोटोमुळे मुहूर्त लागला.

त्यांचं नाव वासुदेव रामटेके. पण भंडाऱ्यात त्या नावाने कुणी विचारलं असतं तर घर सापडलं नसतं. त्यांना सगळे कप्तान म्हणत. नोकरी बसस्टँडवर वाहतूक नियंत्रकाची. म्हणजे खिडकीत बसून गाड्यांच्या नोंदी करायच्या आणि भोंग्यावरून कोणती गाडी कुठे लागली ते सांगायचं. उंचीने इतके लहान की खिडकीच्या काचेमागे फक्त टोपी दिसायची. आवाज मात्र स्टँडभर घुमायचा. पहाटे नदीवर आणि दिवसा स्टँडवर तोच आवाज. नदीवरच्या कामाचा त्यांनी कधी मोबदला घेतला नाही. हौशी खेळाडूंचा क्लब होता आणि ती हौस त्यांनी आयुष्यभर पुरवून वापरली.

रेवाला माहीत आहे, ईशानसाठी सांगते. शर्यतीच्या होडीत वल्हवणारे ज्या दिशेला जायचं तिकडे पाठ करून बसतात. पुढचं दिसतं फक्त सुकाणूवाल्याला, आणि वल्हवणाऱ्यांना दिसतं फक्त त्याचं तोंड. कप्तानांचं एक ठरलेलं वाक्य होतं: "ज्याची पाठ पुढं, त्यानं तोंड मिटून वल्हवावं." नवा मुलगा मान वळवून मागे बघायला लागला की ते म्हणत, "काहून बे, माह्यावर भरोसा नाही का? मग उतर अन् सायकलनं ये."

होडी किती वेगाने न्यायची हे सांगायला इतर क्लबांत आकडे मोजतात. आमचे कप्तान गाड्यांची नावं पुकारत. "पवनी!" म्हणजे गावोगाव थांबत जाणाऱ्या गाडीसारखं सावकाश. "कोंढा थांबा!" म्हणजे वल्हं पाण्याबाहेर काढून जरा दम घ्या. "लाखनी!" म्हणजे वेग धरा. आणि शेवटच्या टप्प्यात, गळ्याच्या शिरा फुगवून, "साकोली! साकोली! साकोली!" म्हणजे आता हायवे, मागे पाहू नका. बाहेरच्या शर्यतीत शेजारच्या होडीतल्या मुलांना हे काय चाललंय ते कळायचं नाही. एकदा नागपूरच्या एका पंचाने त्यांना विचारलं, "तुम्ही शर्यतीत बसचं वेळापत्रक का वाचता?" कप्तान म्हणाले, "पोरं त्याच गाड्यांनी येतात जी सरावाले. त्यांच्या अंगात बसलेलं हाये."

आता एक गोष्ट तुम्हाला खोटी वाटेल. कप्तानांना पोहता येत नव्हतं.

ते लपवायचेही नाहीत. होडीत बसताना सायकलची हवा भरलेली ट्यूब खांद्यावरून तिरकी घालत. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा हसू आवरेना. त्यांनी गंभीरपणे ट्यूब नीट केली आणि म्हणाले, "मॅडम, आमच्या खानदानात जानवं घालणारा मीच पहिला." पोहायला का शिकला नाहीत, असं मी एकदा विचारलं. त्यांचं गाव साकोलीजवळचं एकोडी, गावात भलं मोठं तळं. ते म्हणाले, "आमच्या वाट्याच्या घाटावर गाळच होता मॅडम. कुठं पोहणार?" आणि लगेच दुसरा विषय काढला. एरवी प्रत्येक गोष्ट रंगवून सांगणारा माणूस. ही त्यांनी एका ओळीत संपवली.

त्यांना क्लबात घेतलं ते वजनामुळे. तरुणपणी ते इथल्या कॉलेजात शिकत होते. सुकाणूवाला आजारी पडला आणि शर्यत दोन दिवसांवर. होडीत हलका माणूस हवा होता. कुणीतरी म्हणालं, वर्गात एक आहे, वाऱ्याने उडेल असा. त्या शर्यतीत आमचे लोक जिंकले. आणि जगभरचा रिवाज आहे, रेवा, तुमच्याकडेही असेल: जिंकलेले लोक आपल्या सुकाणूवाल्याला उचलून पाण्यात फेकतात. यांनीही फेकलं. ट्यूब तर त्यांनी बक्षीस घ्यायला जाताना नीटनेटकं दिसावं म्हणून काढून ठेवली होती! जल्लोषात ते कुणाच्याच लक्षात आलं नाही. चौघांनी उड्या मारून बाहेर काढलं, तेव्हा पोटभर वैनगंगा पिऊन झालेली. डोळे उघडल्यावर पहिलं वाक्य: "पुढच्या वेळी हरा."

त्यानंतर जिंकायची सगळ्यात जास्त धास्ती त्यांनाच असायची. होडी शेवटच्या रेषेपाशी आली की एका हाताने सुकाणू धरत आणि दुसऱ्या हाताने ट्यूबचा व्हॉल्व्ह चाचपत. तरी "साकोली" म्हणायचं कधी थांबले नाहीत.

त्यांनी क्लबात पाडलेल्या पद्धती पुष्कळ होत्या. सराव झाल्यावर होडी स्वच्छ पाण्याने धुऊन, पुसून, लाकडी घोड्यांवर पालथी घातल्याशिवाय कुणी पोह्याच्या ताटाला हात लावायचा नाही. जमिनीवर ठेवलेल्या वल्ह्यावरून ओलांडून जायचं नाही, वळसा घालून जायचं. लहान मुलाला ओलांडलं तर त्याची वाढ खुंटते म्हणतात ना, तसं. कुणी विसरलं की कप्तान स्वतःच्या डोक्यावर हात ठेवून उंची दाखवत: "माह्यावरून कोनीतरी ओलांडलं होतं. पाहून घे नतीजा."

त्यांच्या हाताखालची मुलं राज्याच्या संघात गेली, काही फौजेत गेली आणि तिथून देशासाठी वल्हवू लागली. पण मी ज्या गोष्टीसाठी हे लिहायला बसले ती दुर्गाची आहे.

दुर्गा नदीच्या खालच्या अंगाच्या धीवर वस्तीतली. तिचे वडील मासे धरत आणि डोंग्यातून लोकांना पलीकडच्या शेतांवर सोडत. डोंगा म्हणजे अरुंद, लांब होडी. एकच वल्हं, मागे उभं राहून मारायचं. वडिलांचा खांदा दुखू लागल्यावर डोंगा दुर्गाच चालवायची. धरणाचं पाणी आमच्यापर्यंत फुगल्यापासून इथली नदी तळ्यासारखी संथ झाली आहे आणि मध्ये मध्ये जलपर्णीची हिरवी बेटं तरंगतात. एका सकाळी कप्तान मुलांच्या होडीमागून काठाने सायकलवर चालले होते. त्यांनी पाहिलं की प्रवाशांनी भरलेला डोंगा जलपर्णीतून वाट काढत शर्यतीच्या होडीच्या बरोबरीने चालला आहे. तो उभी राहून एक मुलगी चालवते आहे, आणि चालवता चालवता एका म्हाताऱ्याशी भांडते आहे.

कप्तानांनी सायकल तिथेच टाकली.

पण त्यांनी तिला क्लबात आणलं, तेव्हा दुर्गाला पाठ करून बसणं मंजूर नव्हतं. मी त्या दिवशी घाटावर होते. ती होडीत उलटी बसली आणि पुन्हा उठली.

"मी पाठ करून कायले जाऊ? वाट कोन पाहीन?"

"मी पाहीन," कप्तान म्हणाले.

"तुमाले तं पोहता नाही येत म्हनतात."

"म्हनूनच नीट पाहीन."

ती हसली आणि बसली. मला वाटतं, पुढचं सगळं त्या बसण्यातून झालं.

वर्षभरात ती इतकी तयार झाली की राज्याच्या निवड शर्यतीला तिला पाठवायचं ठरलं. प्रवेशिका क्लबाच्या सभासदांचीच जाते. म्हणजे दुर्गाला सभासद करून घ्यायला हवं होतं. आणि इथे गाडी अडली.

आमचा क्लब इंग्रज अमदानीतला. सुरू करणाऱ्या साहेबांनी हौशी खेळाडू कुणाला म्हणावं याचा नियम सागवानी फळ्यावर इंग्रजीत रंगवून दारावर लावला होता. त्याचा अर्थ असा, की होडी चालवून, मासे धरून किंवा पाण्यावर काम करून जो पैशात वा वस्तूत मोबदला घेतो, त्याला या क्लबाचं सभासद होता येणार नाही. त्या काळी इंग्लंडातही असेच नियम असत, कारण साहेबांना नावाड्यांकडून हरायचं नव्हतं. आमच्याकडे त्याचा परिणाम असा झाला, की नदी ज्यांना सगळ्यात जास्त कळते ते लोक क्लबाच्या पायऱ्यांवर कधी आलेच नाहीत. नियमात जात लिहिलेली नव्हती. लिहायची गरज नव्हती.

प्रवेशिका पाठवायच्या आदल्या संध्याकाळी समितीची बैठक बसली. क्लबाची इंग्रजी पत्रं मी लिहून देत असे, म्हणून मलाही बोलावलं होतं. अध्यक्ष एक वयस्क वकीलसाहेब होते. माणूस वाईट नव्हता, पण एक नियम सोडला की छप्पर खाली येतं असं त्यांना वाटे. दुर्गा बाहेर पायरीवर बसली होती. दार उघडंच होतं. तिला सगळं ऐकू जात होतं आणि तिला ऐकू जातंय हे आम्हा सगळ्यांना माहीत होतं. सभासदत्व मिळालं नाही तर तिच्या घरचे तिला पुन्हा पाठवणार नव्हते. आईने बजावलं होतं, "त्याईनं घेतलं तं ठीक, नाही तं डोंगा हाये अन् तू हायेस."

वकीलसाहेब म्हणाले, "कप्तान, मुलगी गुणी आहे, मला मान्य. पण ती उतारूंकडून भाडं घेते. नियम म्हणजे नियम."

कप्तान माझ्याकडे वळले. स्टँडवर चौकशीला आलेल्या प्रवाशासारखा चेहरा केला. "मॅडम, तुमचं इंग्रजी पक्कं हाये. फळ्यावर पैसेच लिवले हायेत, का धान्यही धरतात?"

मी म्हटलं, "पैसा किंवा वस्तू. धान्य धरतात."

"तांदूळ?"

"तांदूळही."

"मग अध्यक्षसाहेब," ते उभे राहिले. उभे राहूनही फारसा फरक पडला नाही. "आधी माहं नाव काटा."

कुणालाच काही कळेना. तेव्हा त्यांनी महापुराची आठवण काढली. त्या वर्षी पलीकडची वस्ती पाण्यात गेली आणि कप्तानांनी क्लबाच्या मुलांना घेऊन, शिकाऊ मुलांच्या रुंद लाकडी होडीतून, दिवसभर फेऱ्या मारून माणसं काढली होती. ते आम्हाला सगळ्यांना माहीत होतं. माहीत नव्हतं ते पुढचं.

"दिवाळीनंतर त्या वस्तीतली एक म्हातारी बैलगाडीवर पोतं घेऊन आली. म्हने, घ्या जी, हे तुमच्या नावेचं. मी नाही म्हटलं, तं म्हने, फुकट कोनाच्या नावेत बसाची आमच्याकडं पद्धत नाही. मी घेतलं. म्हंजे मी मोबदला घेतला. मी हौशी नाही."

वकीलसाहेब म्हणाले, "अहो, एक पोतं तांदूळ! ती भेट झाली. आणि तुम्ही एकट्याने घेतलं त्याचं क्लबाला काय?"

"एकट्यानं कुठं खाल्लं? त्या साली स्नेहभोजनाला भात कोनता होता, आठवते का?"

आठवत कसं नव्हतं? असा चिन्नोर तांदळाचा भात आम्ही पुन्हा खाल्ला नव्हता. पातेल्याचं झाकण उघडलं तेव्हा वास घाटापर्यंत गेला होता. वर वांग्याची भाजी आणि वरण. वकीलसाहेबांनी वाढणाऱ्याला दोनदा परत बोलावलं होतं. मीही बोलावलं होतं.

"सगळ्यायनंच खाल्ला," कप्तान म्हणाले, "त्या होडीत जे वल्हवत होते त्याईनंही अन् जे नव्हते त्याईनंही. फळ्याप्रमानं आता क्लबात हौशी सभासद एकही उरला नाही. मग ही बैठक कोन घेऊन राहिलं?"

खजिनदार आधी हसले, मग दुसरं कुणीतरी. वकीलसाहेब हसले नाहीत. त्यांनी चष्मा काढून पुसला, पुन्हा घातला आणि दाराकडे पाहिलं. पायरीवर दुर्गाची वेणी दिसत होती. ती हलत नव्हती.

"चिन्नोरच होता ना तो?" त्यांनी विचारलं.

"चिन्नोरच."

"मग आता काय बोलायचं," वकीलसाहेब म्हणाले आणि मोठ्याने हाक मारली, "ए मुली, बाहेर कशाला बसलीस? आत ये. सही कर."

दुर्गा आत आली. सही झाल्यावर तिने कप्तानांकडे पाहिलं. ते खिडकीतून नदीकडे पाहत होते आणि नाक ओढत होते. मला म्हणाले, "वारा सुटला, मॅडम." वारा अजिबात नव्हता.

फळा फोडून टाका, असं दोनचार तरुणांचं म्हणणं पडलं. कप्तान म्हणाले, "सागवान हाये. फोडता कायले?" त्यांनी तो उतरवला, अक्षरं खाली करून पालथा घातला आणि घाटाच्या शेवटच्या पायरीपासून होडीपर्यंत टाकला. आजही सगळे त्यावरूनच होडीत चढतात. ओल्या पायांनी. पहिली चढली दुर्गा.

पुढची हकिकत तुम्ही शोधली तर सापडेल, म्हणून थोडक्यात सांगते. ती राज्यात निवडली गेली, मग देशाच्या शिबिरात. तिथे तिला दोघींच्या होडीत घेतलं, ज्यात सुकाणूवाला नसतोच. कप्तानांना वाटलं आपलं काम संपलं. पण परदेशातल्या पहिल्या शर्यतीनंतर तिचा फोन आला तेव्हा मी त्यांच्या ओसरीवर चहा घेत होते. त्यांनी फोन कानापासून लांब धरला, कारण ती ओरडून बोलत होती. "कप्तान, शेवटी पाय गेले होते जी! मंग तुमचं साकोली साकोली ऐकू येऊन राहिलं. जोडीदारीण केरळची, तिलेही मी साकोली म्हनाले शिकवलं!" कप्तान फोन ठेवून बराच वेळ हसत राहिले. मग म्हणाले, "केरळची पोरगी साकोलीले निघाली. तिकीट कोन फाडन?"

मला त्या माणसाबद्दल काय वाटतं हे मी त्यांना कधी नीट सांगितलं नाही. आमच्या पिढीला ते जमत नसे. तुमचे आजोबा गेले त्या वर्षी मी घराबाहेर पडत नव्हते. कप्तान रोज पहाटे सायकलची घंटा आमच्या फाटकाशी वाजवत. थांबत नसत, बोलत नसत. काही दिवसांनी मी घंटा ऐकून फाटकापर्यंत जाऊ लागले, मग घाटापर्यंत. एकदाही त्यांनी विचारलं नाही, "आता बरं वाटतं का?" मी घाटावर पोचले त्या सकाळी त्यांच्या हातातल्या भोंग्यातून फक्त पुकारा आला: "कोंढा थांबा! मॅडम आल्या आहेत. दम घ्या." होडी थांबली आणि मुलांनी वल्ही वर केली. त्या सकाळचं ऋण मी अजून मनात धरून आहे. ते फेडायचं नाही, नुसतं बाळगायचं आहे.

कप्तान गेल्या हिवाळ्यात गेले. शांतपणे, झोपेत. त्याआधी काही आठवडे दुर्गा पदक घेऊन घरी आली होती. तेव्हाचं सांगते आणि थांबते.

घाटावर गर्दी जमली होती. कप्तानांना खुर्चीत बसवून आणलं होतं. पाय थकले होते, पण ट्यूब खांद्यावर होतीच. दुर्गाने पदक त्यांच्या गळ्यात घातलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "रिवाज तुमाले पान्यात फेकाचा हाये. पन वय पाहून सूट. डोंग्यात बसा."

तिच्या वडिलांचा डोंगा त्या पालथ्या फळ्याला लावलेला होता. दोघा मुलांनी त्यांना धरून फळ्यावरून नेलं. चढण्याआधी त्यांनी खांद्यावरची ट्यूब काढली आणि माझ्या हातात दिली. "धरा मॅडम. आज नाही लागत."

मग ते डोंग्याच्या पुढच्या टोकाला बसले. सवयीने वाटेकडे तोंड केलं, क्षणभर थांबले, आणि सावकाश, काठ धरून, वळून उलटे बसले. जायच्या दिशेला पाठ. दुर्गा मागे उभी राहिली, वल्हं उचललं.

"कप्तान, कोनती गाडी?" तिने विचारलं.

त्यांनी ओठांवर बोट ठेवलं. ज्याची पाठ पुढं, त्यानं तोंड मिटून बसावं.

डोंगा निघाला. इतकी वर्षं मी घाटावरून त्यांना जाताना पाहिलं होतं ते पाठीकडून. टोपी, मान, तिरकी ट्यूब आणि पुढे कुठेतरी जाणारा आवाज. त्या संध्याकाळी आवाज नव्हता, आणि तोंड आमच्याकडे होतं. दुर्गा वल्हं मारायला एका बाजूला झुकली की ते दिसत, ती सरळ झाली की झाकले जात. पुन्हा झुकली की पुन्हा दिसत. बोट तसंच ओठांवर. डोळे आमच्यावर, घाटावर, क्लबाच्या दारावर. पुढे काय आहे ते त्यांनी एकदाही मान वळवून पाहिलं नाही.

तुमची,
आजी